तात्यांचं मशीन झोपवताना

माझ्या दुकानाच्या पाटीवर 'मोबाईल व संगणक दुरुस्ती' असं लिहिलेलं आहे. पण गेली काही वर्षं माझं नाव ज्या कामामुळे झालं, ते या दोन्हींच्या मधलं आहे. लोक बंद पडलेला संगणक घेऊन येतात आणि मी तो मोबाईलच्या जातीच्या यंत्रात पुन्हा चालू करून देतो. पारनेरच्या पेठेत मला 'जुनं विंडोज नव्या डब्यात घालून देणारा' म्हणून ओळखतात. आमच्या घराण्यात पदवी घेतलेला मी पहिला. आई-वडील दरसाल ऊसतोडीला जायचे. त्यामुळे बीएस्सीच्या कागदाची मला अजून अपूर्वाई आहे आणि तो मी गणपतीच्या तसबिरीशेजारी चौकटीत लावला आहे. गिऱ्हाईक त्याच्याकडे बघत नाही. त्याला त्याचा जुना पडदा परत दिसला म्हणजे झालं.

हे काम काय असतं ते थोडं सांगतो. जुन्या संगणकाचा प्रोसेसर वीज भरपूर खायचा, तापायचा, त्याला पंखा लागायचा. मोबाईलमधला प्रोसेसर वीज जेमतेम घेतो आणि काम त्याच्यापेक्षा कितीतरी जास्त करतो. अडचण एवढीच, की दोघांना वेगवेगळे हुकूम कळतात. विंडोज अठ्ठ्याण्णव सोडलेला प्रत्येक हुकूम नव्या प्रोसेसरला परका असतो. म्हणून मध्ये एक दुभाषी बसवावा लागतो. त्याला एम्युलेटर म्हणतात. तो जुन्याचं बोलणं ऐकतो, नव्याला समजेल असं सांगतो, उत्तर आलं की उलटं फिरवून जुन्याला देतो. शिवाय तो जुन्या विंडोजला सतत भासवत राहतो, की बाबा, तू तुझ्याच डब्यात आहेस, ही तुझी डिस्क, हा तुझा कीबोर्ड. आपण वीतभर टॅबलेटमध्ये राहतो आहोत हे त्या बिचाऱ्याला कधीच कळत नाही. फसवणूकच आहे म्हणा, पण तिच्यात कुणाचं नुकसान नाही.

नवीन का घेत नाहीत, असं शहरातले मित्र विचारतात. ज्या कार्यक्रमावर, म्हणजे सॉफ्टवेअरवर, माणसाचा धंदा चालतो, तो बनवणाराच आता उरलेला नसतो, हे त्याचं उत्तर. देवळाली प्रवरेकडे उसाच्या रस्त्यावर एक खाजगी वजनकाटा आहे. त्याच्या मालकांना सगळे बाबूशेठ म्हणतात. त्यांचा संगणक विजेच्या झटक्यात गेला. मी त्यांचा सगळा कारभार तळहाताएवढ्या बोर्डवर बसवून दिला. तोच निळा पडदा, तीच पावती. मोठ्या समाधानानं घरी आलो, आणि आठवडा संपायच्या आत बाबूशेठचा फोन. काटा बिघडला का, तर नाही. वजन चुकतं का, तर तेही नाही.

"लई लवकर आकडा येतोय," ते म्हणाले. "गाडी चढली न्हाई तोवर वजन. डायवर म्हणत्यात, शेठ, आधीच लिहून ठेवलंय काय?"

जुना संगणक आकडा दाखवायला जरा वेळ घ्यायचा. तेवढ्यात चालक खाली उतरायचा, खिडकीपाशी यायचा, मान वाकवून पडद्याकडे बघायचा आणि त्याच्या डोळ्यांदेखत आकडा उमटायचा. त्या थांबण्यावर लोकांचा विश्वास बसलेला होता. मी एम्युलेटरचा वेग कमी करून दिला. सगळं आयुष्य यंत्रं वेगवान करण्यात गेलं आणि नाव झालं ते एक हळू केल्यामुळे, असं मी गमतीनं सांगतो. काही झालं तरी त्या कामात यश मिळालं. पुढचं जे काम सांगणार आहे, त्यात मिळालं की नाही, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

मथुराकाकू दुकानात आल्या तेव्हा उन्हं तापलेली होती. डोक्यावर पदर, हातात कापडी पिशवी. पिशवीतून त्यांनी लुगड्यात गुंडाळलेलं काहीतरी काढलं. डांबरगोळ्यांचा वास आला. आत जुन्या संगणकाची हार्ड डिस्क होती.

"भाऊसाहेबा, तात्यांचं पुस्तक हाय ह्याच्यात," त्या म्हणाल्या. "त्यांना एकदा दाखव. बाकी काय मागत न्हाई."

तात्या म्हणजे काकूंचे यजमान आणि माझे पहिले मालक. कॉलेजला असताना मी मामांकडे राहायचो आणि दुपारनंतर तात्यांच्या छपाईच्या दुकानात काम करायचो. आयुष्यात पहिल्यांदा संगणकाला हात लावला तो त्यांच्याच. अर्ध्या तालुक्याच्या लग्नपत्रिका तात्यांनी जुळवल्या असतील. त्यांचा एक शिरस्ता होता. प्रूफ तपासताना ते कागद खालून वर वाचायचे. शेवटच्या ओळीतलं शेवटचं नाव आधी. वरून वाचलं की अर्थ डोळ्यांना पुढं ओढतो आणि चूक सुटते, असं ते म्हणायचे. आणि तपासल्याशिवाय कागद दुकानाबाहेर जाऊ द्यायचा नाही, मग नवरदेव स्वतः दारात उभा असला तरी.

पत्रिकेचं प्रूफ निघेपर्यंत गिऱ्हाईक बाकड्यावर बसून असायचं. तात्या त्याला चहा सांगायचे आणि विचारायचे, "तुमच्या विहिरीचं नाव काय हो?" आमचा तालुका पावसाच्या भरवशावरचा, इथं विहिरीला माणसासारखं नाव असतं. नाव निघालं की हकिगत निघायची. कुणी खणली, पाणी कुणी दाखवलं, भांडण कशावरून झालं. गिऱ्हाईक गेलं की तात्या ते सगळं टाईप करून ठेवायचे. वर्षानुवर्षं हे चाललं. मी दुकान सोडून गेलो, लग्न केलं, स्वतःचा धंदा मांडला, तरी कानावर यायचं, की तात्यांचं विहिरींचं पुस्तक वाढतंच आहे. मग त्यांचा संगणक गेला. पाठोपाठ तात्यांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात गेला, वाचा गेली. शब्द आत आहेत पण बाहेर यायचा रस्ता बंद झाला आहे, असं डॉक्टरांनी काकूंना समजावलं होतं. ज्यांनी हकिगती सांगितल्या होत्या त्यातले बहुतेक केव्हाच वारले होते. विहिरीही पुष्कळ बुजल्या. कुठं शेततळं झालं, कुठं रस्ता रुंद झाला. आता त्या सगळ्या होत्या फक्त लुगड्यातल्या त्या डिस्कमध्ये.

डिस्क शाबूत निघाली. मी तिची प्रत काढली, एका टॅबलेटमध्ये एम्युलेटर घातला आणि विंडोज अठ्ठ्याण्णव चालू केलं. तात्यांचाच पडदा समोर आला. कोपऱ्यात 'विहिरी' नावाची फाईल. मराठी अक्षरजुळणीचा त्यांचा तो जुना कार्यक्रम उघडला आणि लगेच चौकट आली: लॉक जोडलेले नाही.

हे लॉक म्हणजे काडेपेटीएवढी एक डबी. त्या काळचे मराठी जुळणीचे कार्यक्रम महाग असत. कुणी फुकटात नक्कल करू नये म्हणून कंपनी अशी डबी द्यायची आणि ती संगणकाच्या पाठीमागे, प्रिंटरच्या जागी खोचावी लागायची. मी दुभाष्याकरवी सगळा संगणक खोटा उभा करू शकत होतो, पण ती डबी खोटी करता येण्यासारखी नव्हती. कंपनी कधीच बंद झालेली. आणि फाईल दुसऱ्या कशातही उघडत नव्हती.

मी संध्याकाळी तात्यांच्या घरी गेलो. तात्या खाटेवर उशीला टेकून बसले होते. मला बघून त्यांचा डावा हात उचलला गेला. काकूंना मी डबीबद्दल विचारलं, तर त्यांचा चेहरा उजळला.

"हाय की. जिवापाड जपलीय," त्या म्हणाल्या.

संगणक भंगारात देताना तात्यांनी दोन वस्तू काढून काकूंच्या हातात दिल्या होत्या आणि सांगितलं होतं, की नीट ठेव, ह्यातलं एक अंग हाय आन् एक जीव. काकूंनी अंग साड्यांच्या पेटीत ठेवलं. जीव पेटीत कसा ठेवायचा? तो त्यांनी देव्हाऱ्यात ठेवला, टाकांच्या शेजारी. आता त्या आत गेल्या आणि ताम्हणातून ती डबी घेऊन आल्या. हळदीकुंकवानं पिवळीतांबडी झालेली. मी फिरवून पाहिली. आतल्या पिना हिरव्या पडल्या होत्या, दोन तर गळूनच गेल्या होत्या.

"पाणी लागलं का हिला?" मी शक्य तितक्या साध्या आवाजात विचारलं.

"रोज देवाला घालते तेवढंच. समद्या देवांना आंघोळ आन् हिलाच कसं वगळू? सणासुदीला दूध."

मी तात्यांकडे पाहिलं. ते डबीकडे बघत होते. मग त्यांचे खांदे हलायला लागले. मला वाटलं रडतात, पण ते हसत होते. तोंडाच्या एकाच बाजूनं, आवाज न करता, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. काकूंना काही कळेना. त्या मला विचारू लागल्या, काय झालं, चालत न्हाई का? मी म्हणालो, वय झालं तिचं काकू, एवढी वर्षं कुठलंच लॉक टिकत नाही.

पुढचे काही दिवस मी त्या डबीमागे घालवले. नगरहून प्रिंटरची जुनी जागा असलेला एक संगणक पैदा केला. पिना स्पिरिटनं पुसल्या, गळालेल्यांच्या जागी तारा डकवल्या. डबी काही बोलली नाही. आतली चिप गेलेली होती. डांबरगोळ्यांत टाकून दिलेली डिस्क ठणठणीत राहिली आणि जिची रोज पूजा झाली ती डबी गेली, हे मला आजही सोसत नाही. दोष कुणाला देणार? एवढ्या मायेनं तर कुणी माणसालाही जपत नाही.

कार्यक्रमात एक पळवाट मात्र होती. लॉक नसेल तर तो नमुन्यादाखल उघडायचा. म्हणजे पानं दिसायची, त्यात टाईपही करता यायचं, पण जतन होत नसे आणि छापताही येत नसे. शिवाय प्रत्येक पानावर तिरक्या, करड्या, मोठ्या अक्षरांत 'नमुना' असा शिक्का उमटायचा. तेवढ्यावर भागवायचं ठरवलं. टॅबलेटला छोटा कीबोर्ड जोडून तात्यांच्या मांडीवर ठेवला.

पानं दिसली. 'भुताची विहीर. भूत कधीच नव्हते. तुकाराम म्हातारा आंधळा होता, म्हणून पहाटे दिवा न लावता मोट हाकायचा. वाटसरूंना नुसती चाकाची कुरकुर ऐकू यायची.' त्याखाली: 'सवतींची विहीर. दोघींनी एका बांधाच्या दोन बाजूंना हट्टाने खणायला लावल्या. आत झरा एकच निघाला. तेव्हापासून एकीने उपसले की दुसरीचे पाणी उतरे.' काकू मला मोठ्यानं वाचायला सांगत होत्या. तात्या ऐकत नव्हते. त्यांनी डाव्या हाताच्या बोटानं फाईल पार शेवटच्या पानावर नेली आणि खालून वर वाचायला लागले. एका ठिकाणी थांबले. 'पाणी'मधली वेलांटी पहिली पडली होती. ती त्यांनी खोडून दुसरी केली. मी तेव्हा उठून बाहेर ओट्यावर जाऊन उभा राहिलो.

मी त्यांना सुचवलं, की पडद्याचे फोटो काढतो आणि तेच छापू, शिक्का राहील पण पुस्तक हातात येईल. त्यांनी नकारार्थी मान हलवली. प्रूफ तपासून व्हायचं होतं.

चार-सहा दिवसांनी काकू पुन्हा दुकानात. या वेळी हातात पिशवी नव्हती आणि त्या बसायलाही तयार नव्हत्या.

"ते रोज तीच चूक दुरुस्त करत्यात, भाऊसाहेबा," त्या म्हणाल्या. "सकाळी मशीन लावते, तर कालचं समदं पुसलेलं. पुन्यांदा तीच येलांटी. काल कीबोर्ड ढकलून दिला. आधीच माणसाला बोलता येत न्हाई, त्यात हे रोज इसरतंय."

जतन होत नाही, हे मला माहीत होतं. त्याचा अर्थ काय होतो, हे काकूंनी सांगितल्यावर कळलं. मी दुकान बंद करून त्यांच्याबरोबरच निघालो. आणि वाटेत मला सुचलं ते या धंद्यात इतकी वर्षं हाताखालून गेलेलं होतं, पण त्याची कधी किंमत कळली नव्हती. खऱ्या संगणकाची वीज गेली की त्याच्या मनातलं जातं. दुभाष्यानं उभा केलेला संगणक मात्र चालता-चालता, आहे त्या क्षणाला जसाच्या तसा थिजवून ठेवता येतो. पडदा, पान, अर्धवट टाईप केलेली ओळ, सगळं. उद्या उठवला की तो पुढचंच अक्षर मागतो. मध्ये रात्र गेली हे त्याला ठाऊकच नसतं. कार्यक्रम जतन करू देत नव्हता, ठीक आहे. आपण त्याला बंदच करायचं नाही. नुसतं झोपवायचं.

काकूंना मी बटण दाखवलं. बंद करायचं नाही, झोपवायचं. हा शब्द त्यांना लगेच पटला. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी मशीन उठवलं, तर वेलांटी जागेवर होती. त्यांनी मला फोन करून फक्त एवढंच सांगितलं, "हाय." मागून तात्यांचा घशातला आवाज ऐकू आला.

तेव्हापासून तात्या रोज थोडंथोडं तपासत मागून पुढे येत राहिले. मी आठवड्याच्या बाजाराला गेलो की डोकावायचो आणि झोपलेल्या मशीनची एक प्रत दुकानातल्या संगणकावर घेऊन ठेवायचो. खंडेनवमीला गेलो, तर देव्हाऱ्यापुढे टॅबलेट मांडलेला. वर झेंडूचं एक फूल, कुंकवाचं बोट मागच्या आवरणावर, अगदी कोरडं. डबीही होतीच, पण ताम्हणात नव्हती, पाटावर होती. काकूच निरंजन लावता लावता म्हणाल्या, "आता कुणाला पाणी न्हाई लावत मी." त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. वय झाल्याची माझी थाप त्यांना कधी कळली, ते मी विचारलं नाही.

चुका संपत आल्या तसं एक वेगळंच समोर यायला लागलं. पुस्तकाची पहिली पानं तात्यांनी सुरुवातीच्या काळात लिहिलेली, आणि तिथं पानापानावर नुसती नावं होती. नाव, सांगणाऱ्याचं नाव आणि पुढे 'हकिगत बाकी'. तेव्हा हाताशी वेळ नसेल, नंतर सविस्तर लिहू म्हणून डोक्यात ठेवलेलं असेल. नव्हे, डोक्यात होतंच. अशा पानावर आले की तात्या थांबायचे, ओठ हलायचे, बोट कीबोर्डवर जायचं आणि तिथंच राहायचं. चुकलेली वेलांटी त्यांच्या डोळ्यांना दिसत होती, पण नवं वाक्य उभं राहत नव्हतं. मग ते मान हलवून त्याच्या आधीच्या पानाकडे जायचे. मी शेजारी बसून ते बघायचो. बंद पडलेलं विंडोज चालवलं, मेलेला डबा खोटा उभा केला, विसरणाऱ्या कार्यक्रमाला आठवण दिली. इथं मात्र माझ्याकडे द्यायला काही नव्हतं.

परवाच्या दुपारी गेलो तेव्हा तात्या पहिल्या पानावर पोचले होते. त्यांनी मला जवळ बोलावलं आणि पडद्यावर बोट ठेवलं. पुस्तकातली पहिली विहीर. 'बारवेच्या मळ्यातली विहीर. सांगणार: भाऊसाहेब. हकिगत बाकी.'

ती माझ्या मामांची विहीर. तात्यांच्या डोक्यात हे खूळ शिरलं तेव्हा दुकानात दुसरं कुणी नव्हतं, मीच होतो. मी म्हणालो होतो, मामा बोलत नाहीत फार, आईला ठाऊक आहे, ती तोडीवरून आली की विचारून सांगतो. आई आली ती आजारीच आली. मग ते राहूनच गेलं.

तात्यांनी कीबोर्ड माझ्याकडे सरकवला. मी 'हकिगत बाकी' खोडलं आणि जे आठवत होतं ते लिहिलं. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की आतल्या पायरीच्या सांध्यात पिंपळाचं एक रोप दिसायचं. बांधकाम फुटेल म्हणून सगळे ते उपटायला सांगायचे. मामा उपटू द्यायचे नाहीत. आई माहेरी आली की आधी वाकून ते रोप आहे का, ते बघायची.

तात्यांनी माझ्या ओळी खालून वर वाचल्या. एक अनुस्वार राहिला होता, तो दिला. मग त्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. त्यांना बोलता आलं नाही, तरी प्रश्न स्पष्ट होता. का? का उपटू द्यायचे नाहीत?

"मला नाही माहीत, तात्या," मी म्हणालो. "आता विचारायला कुणी नाही."

ती विहीर रस्त्याखाली गेली. मामा गेले, त्यांच्या आधी आई गेली. तात्या पडद्याकडे वळले. मग त्यांनी डाव्या हाताचं बोट पुढं केलं आणि एकेक अक्षर शोधत माझ्या ओळींच्या शेवटी एकच शब्द टाईप केला. 'बाकी.'

तो दोनदा वाचून पाहिला. तळहात गालाखाली धरून त्यांनी मला खूण केली. मी मशीन झोपवलं.